शेवटच्या कडव्यातलं नाव

राणीसावरगाव
१२ डिसेंबर २०२४

चि. साक्षीला आजाचा जयभीम.

तुझा घसा कसा आहे? हे पहिलं विचारतो, कारण गळ्यात सोनं असावं अन् बाईनं ते पेटीत टाकून किल्ली विहिरीत फेकावी, असं तुझं चाललंय. नागेशची साखर किती आली? माझ्या लेकाला म्हणावं, बँकेनं खुर्ची दिली म्हणून दिवसभर तिच्याशी संसार करू नको, जरा चालत जा. सूनबाई रेणुकाचे गुडघे काय म्हणतात? तिला मी सांगितलं होतं, जिन्याचं घर घेऊ नका. पण पुण्याला जमीन नसतेच, नुसते मजले असतात. अन् तुमचं ते लंगडं मांजर जगलं का?

इकडं मी खुशाल. दम लागतो, पण बोलताना, गाताना नाही. धुरपताबाईला एका कानानं ऐकू येत नाही अन् दुसऱ्या कानानं ती माझं ऐकत नाही. थोरली बहीण आहे, चालायचंच.

दोन वर्षं तुझं पत्र नाही, फोन नाही. परभणीच्या तुझ्या कार्यक्रमात तू मला स्टेजवर बोलावलंस अन् मी माईकवर दोन शब्द बोललो, ते तू मनावर घेतलंस. आजा बोलला म्हणून अंगाला भोकं पडतात का? असो. थोरानं वाकावं म्हणतात. हा बघ, वाकलो.

आता कामाचं. सात फेब्रुवारीला रमाई जयंतीला गावात माझा सत्कार ठरलाय. कमिटीचा अध्यक्ष बन्सीधर. त्याला ताल अन् टाळू यातला फरक कळत नाही, पण माणूस कळतो, म्हणून मी हो म्हणालो. 'रंगनाथाची गाणी' असं पुस्तक निघणार आहे. आपल्या गायन पार्टीची एकेचाळीस गाणी. वही परभणीला बालाजीच्या प्रेसमध्ये दिली. त्या दिवशी तू यावंस अन् आपलं 'धूर' गावंस, मी पेटी धरीन. आख्खा तालुका बघंल, रंगनाथाची नात काय चीज आहे.

अन् हे मी काय ऐकतोय? तू गाणं सोडलंस म्हणे. आता दुसऱ्यांना गाणी लिहून देतेस. शाबास! रांधायचं तू, ढेकर द्यायचा दुसरीनं. चमचमते कपडे घालून तू स्टेजवरच्या धुरात नाचायचीस ते मला पटत नव्हतं, पण निदान तोंड तरी तुझं दिसत होतं. आता तेही गेलं. वरातीत नवरी दुसरी, घोडा दुसरा, अन् आमची पोरगी मागं गॅसबत्ती डोक्यावर घेऊन चाललीय.

सात तारखेला ये. नाही म्हणू नको.

तुझा आजा
रंगनाथ


राणीसावरगाव
३० डिसेंबर २०२४

चि. साक्षीला जयभीम.

चार ओळींचं पत्र पोचलं. 'मी आता गात नाही. पाहिजे असेल तर जयंतीसाठी नवं गाणं लिहून देते, कुणाकडूनही गाऊन घ्या.' वा! आजानं जेवायला बोलावलं तर नातीनं डबा पाठवला.

तुझं लिहिलेलं कुणी गायलंय ते तरी बघावं म्हणून बन्सीधरच्या मोबाईलवर तो व्हिडिओ बघितला. ती भक्ती म्हणून कोण पोरगी आहे, ती गाते का तिला कुणी गुदगुल्या करतंय? आवाजाला मशीननं अशी इस्त्री केलीय की एक सुरकुती शिल्लक नाही. माणसाच्या गळ्याला सुरकुती पाहिजे गं! अंगावर इतके आरसे लावलेत की दाढी करून घ्यावी. दोन ओळी झाल्या की दम खाते अन् केस उडवते. आमच्या पार्टीत असं कुणी केस उडवले असते तर ढोलकवाल्यानं काठी फेकून मारली असती.

धुरपताबाई शेजारी बसली होती. म्हणाली, "पोरगी चांगली हाय की. दात बघ कसे मोत्यावानी."

म्हटलं, "गाणं दातानं म्हणतेत का?"

"तू तर आता बिनदाताचाच म्हणायलास," ती म्हणाली. असा आमच्या घरात कलेचा मान.

शब्द मात्र ऐकले. 'खिडकी दिली शहरानं, आभाळ राहून गेलं.' ओळ बरी आहे. जास्त हुरळू नको, बरी आहे म्हणालो. खाटेवर पडलं की मधूनमधून आठवते एवढंच.

पण पोरी, तुझं नाव कुठं आहे? तीन वेळा शेवटपर्यंत ऐकलं. बन्सीधर दरवेळी सुरुवात बोटानं पुढं ढकलतो, म्हणतो, "तात्या, आधी नुसती अक्षरं येतेत, गाणं मागून हाय." मला सुरुवातीशी कर्तव्य नव्हतंच, मी कान लावून बसलो शेवटच्या कडव्याला. नाव नाही! गाणं बेवारशी! आपली रीत तू विसरलीस का? ज्याचं गाणं त्याचं नाव शेवटच्या कडव्यात. गाणारा कुणी असो, नाव गिळायचं नाही. नाव गिळील तो चोर.

सोनपेठचा आश्रुबा तुला माहीत आहे, आमच्याविरुद्ध गाण्याच्या सामन्याला बसायचा. चाळीस वर्षं झाली असतील, त्यानं भर बाजारात आपलं 'धूर' गायलं अन् शेवटी माझ्या नावाच्या जागी ठेवून दिलं स्वतःचं. मी उठून त्याची पेटी बंद केली. म्हटलं, "आश्रुबा, दुसऱ्याचं लेकरू कडेवर घेतलं म्हणून बाप होत नसतो!" बाजार हसला.

तो बेशरम काय म्हणाला माहीत आहे? "रंगनाथा, तू जल्मात चूल फुकलीस का? मग वल्या सरपणाचा धूर डोळ्यात कसा शिरतो, ते तुला कुणी सांगितलं?" म्हटलं, कवीला सगळं कळतं. बाजार तेव्हाही हसला. कुणाला हसला ते मी विचारलं नाही.

ते जाऊ दे. त्या भक्तीसाठी गळा गहाण टाकून बसू नको. नवं गाणं नको, तू पाहिजेस. पुस्तकाची पानं लावून झाली म्हणून बालाजीचा निरोप आहे.

तुझा आजा
रंगनाथ


राणीसावरगाव
१३ जानेवारी २०२५

साक्षी,

पत्र मिळालं. या वेळी चार ओळी नाहीत, चार पानं. धुरपताबाई म्हणाली, वाचून दाखव. म्हटलं, चष्मा सापडत नाही. चष्मा डोळ्यावर होता.

तू लिहितेस, आजीनं तुला त्या वहीवर अक्षरं शिकवली. 'धूर'च्या शेवटच्या कडव्यात काहीतरी खोडलेलं दिसलं, तू विचारलंस, 'आजी, हे काय?' ती म्हणाली, 'चूक झाली होती बाळा.'

मग झाली असंल चूक! लिहिणाऱ्याच्या हातून होत नाही का? त्याचं एवढं पुराण कशाला?

अन् परभणीचं. तू माझं वाक्य जसंच्या तसं लिहून पाठवलंस, 'गळा आमचा, पण गाणी उसनी. उसन्या गाण्यावर नाचती ती भाड्याची बाहुली.' एवढं पाठ केलंस? हजार माणसं होती, खरं आहे. टाळ्याही पडल्या. माझा हेतू वाईट नव्हता, टाळी पडली की माझी जीभ सुटते. त्यावर तू लिहितेस, 'त्या दिवसापासून मी दुसऱ्याचं गायले नाही. जे माझं तेच करते, लिहिते. आजोबा, तुम्ही पन्नास वर्षं कुणाची गाणी गात होता?'

जीभ आवर. सत्यशीला माझी बायको होती. नवरा-बायकोचं वेगळं असतं का? एका ताटात जेवलेल्यांनी घास वाटून घ्यायचे का? ती चौथी शिकलेली, मी गंगाखेडच्या स्टँडवरचा हमाल. तिनं चार शब्द जुळवले, मी त्यात जीव घातला, चाल माझी, गळा माझा, गावोगाव फिरलो मी. बाईमाणूस त्या काळात स्टेजवर जाणार होती का? अन् नावाचं म्हणशील तर मी तेव्हाच पेटीवर बसवून बघितलं होतं. तिचं नाव चालीत बसत नव्हतं. बसलं असतं तर घेतलं नसतं का?

ती जाऊन सहा वर्षं झाली. मातीला पाय लावू नको.

तू सात तारखेला येऊ नको. 'धूर' मीच गाईन. ज्याला नात नाही त्याचा काय सत्कार होत नाही?

रंगनाथ


राणीसावरगाव
२८ जानेवारी २०२५

चि. साक्षी,

मागचं पत्र फाडून टाक. नको, ठेव. माणूस किती हलकट असू शकतो त्याचा पुरावा घरात असावा.

झालं असं. पत्र टाकल्यावर धुरपताबाईनं माझ्याशी बोलणं बंद केलं. चहा करायची अन् कप माझ्यापासून हातभर लांब ठेवायची. पाचव्या दिवशी मी तुझं पत्र काढलं अन् तिला मोठ्यानं वाचून दाखवलं, चांगल्या कानाकडून. ती तांदूळ निवडत होती, मान वर केली नाही. म्हणाली, "हे मला सांगायलास? शीला भाकरी थापताना परातीवर ताल धरून गाणं जुळवायची, मी समोर पीठ चाळत बसायची. तुझ्या आधी समदी गाणी मला पाठ व्हायची."

"मग पन्नास वर्षं बोलली का न्हाईस?"

"तू इचारलंस का?"

मी पेटी काढली. कुणी बघू नये म्हणून दार लोटून घेतलं. 'धूर'चं शेवटचं कडवं धरलं.

रंगनाथ म्हणे आता, विझू देऊ नका जाळ
याच उजेडात लेक वाचील पुढचा काळ

मग माझं नाव काढलं अन् तिचं घातलं. सत्यशीला म्हणे आता. बसलं. कुठं ओढावं लागलं नाही, कुठं दाबावं लागलं नाही. पाटावर पाहुणा बसावा तसं बसलं. साक्षी, मी तेव्हा पेटीवर बसवून बघितलं होतं असं तुला लिहिलं ना? बघितलं नव्हतं. कधीच नाही. त्या दिवशीच बघितलं.

दुसऱ्या दिवशी एसटीनं परभणी गाठली. बालाजीच्या प्रेसमध्ये माझी वही, म्हणजे तिची वही, उघडली. आता जे सांगतो ते कुणाला सांगितलं नाही. मला बत्तिसाव्या वर्षापर्यंत अक्षरओळख नव्हती. लोकांना मी सांगतो, एसटीच्या पाट्या वाचून स्वतः शिकलो. पाट्या खऱ्या, पण घरी पाटी धरून बसवायची ती. पहिला शब्द शिकवला माझं नाव. ते गिरवायला मला कागद पाहिजे होता. तिच्या वहीत प्रत्येक गाण्याच्या शेवटच्या कडव्यात एक जागा मोकळी असायची, चार अक्षरांची. तिनं ती का मोकळी सोडली होती हे मी विचारलं नाही. शिसपेन्सिल घेतली अन् त्या जागांवर नाव गिरवत सुटलो. रंगनाथ. रंगनाथ. रंगनाथ. तिची अक्षरं मुंगीसारखी बारीक, मधेच माझं नाव रेड्यासारखं बसलेलं. वर तिला दाखवलं, बघ, आलं का? ती म्हणाली, "लय छान आलं."

'धूर' त्यानंतरचं. त्यात तिनं जागा सोडली नव्हती. आपल्या हातानं आपलं नाव लिहिलं होतं. एकाच गाण्यात, एकदाच. आता मला वाटतं, मला वाचता यायला लागलं होतं म्हणूनच लिहिलं असंल. मी वाचीन म्हणून.

मी वाचलं. म्हटलं, "हे चालीत बसत न्हाई." अन् खोडलं. तू आजीला विचारलेली 'चूक' ती हीच, बाळा.

ती "बरं" म्हणाली अन् चुलीकडं गेली. भांडली असती तर आज मला तिच्या भांडणावर रुसता आलं असतं. आश्रुबाला मी बाजारात चोर म्हणालो! त्यानं एका दिवसापुरतं उचललं होतं. मी दरोडा घालून वर पोलीस पाटील होऊन बसलो.

आणखी एक. बालाजीला तुझ्या गाण्याचं बोललो, तर त्यानं व्हिडिओ लावला, पण सुरुवातीपासून. आरसेवाली भक्ती यायच्या आधी काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं आली. चष्मा पुसून मी स्वतः वाचली.

गीत : साक्षी सत्यशीला.

त्याच्या खाली, बारीक, गाणारीचं नाव. बालाजी म्हणाला, "तात्या, ही पोरगी हटून बसती म्हणतेत. नाव आधी लावणार असाल तरच गाणं देते म्हणून." अन् मी येडा शेवटचं कडवं धुंडत होतो. नाव पहिल्यालाच होतं. जिनं मला वाचायला शिकवलं तिचंच होतं, अन् मला तेवढं सोडून सगळं दिसलं.

बालाजीला म्हटलं, पानं बदल. एकेचाळीस ठिकाणी माझं नाव काढ, तिचं घाल.

"एकेचाळीस ठिकाणी?"

"एकेचाळीस."

"अन् पुस्तकाचं नाव?"

"तेही."

तो म्हणाला, "मग सत्कार कुणाचा तात्या?" मी चष्मा खिशात घातला. तसाच गाडीत बसलो.

आजा


राणीसावरगाव
९ फेब्रुवारी २०२५

चि. साक्षीला आजाचा जयभीम.

तू आली नाहीस. बरं केलंस. आली असतीस तर लोकांनी तुझ्याकडं बघितलं असतं, अन् मला पाहिजे होतं की त्यांनी माझ्याकडं बघावं.

पुस्तकावर 'सत्यशीलाची गाणी' असं छापून आलं तेव्हा बन्सीधरच्या तोंडावर अशी कळा आली की जणू लग्नात नवरा बदलला. "तात्या, ब्यानरवर तुमचा फोटो हाय! शाल आणलीय! गंगाखेडहून पाव्हणे आलेत!" म्हटलं, फोटो राहू दे, खाली लिही पेटीवाला. त्यानं लिहिलं नाही. त्याच्या मते म्हातारा भ्रमिष्ट झालाय, अन् हे तो माझ्यासमोरच पाहुण्यांना सांगत होता, हळू आवाजात, माईक चालू ठेवून.

विहारासमोर मांडव भरला होता. मी पेटी धरली, मागं कोरसला धुरपताबाई. आधी सांगून टाकलं. म्हटलं, ही गाणी माझी न्हाईत, माझ्या बायकोची हायेत, मी पन्नास वर्षं नाव गिळलं. लोकांना वाटलं, म्हातारा विनयानं बोलतोय. एकदा मोठेपणाची सवय लागली की खरं बोललेलंही नम्रपणात जमा होतं बघ.

मग 'धूर' सुरू केलं.

ओल्या सरपणाचा धूर डोळ्यात माझ्या गं आला
त्याच धुरात लेकीनं पाटीवर अ काढला

आख्खा मांडव सोबत म्हणत होता. शेवटचं कडवं आलं. मी म्हणालो, सत्यशीला म्हणे आता. अन् मांडवानं माझ्यापेक्षा मोठ्यानं म्हटलं, रंगनाथ म्हणे आता! त्यांचा काय दोष? त्यांच्या तोंडात मीच घातलेलं. मी थांबलो, परत कडवं धरलं. परत तेच. पाचशे गळे माझं नाव घेत होते अन् मला ते शिवीसारखं लागत होतं. जिंदगीभर ज्या आवाजासाठी गावोगाव फिरलो, तो आवाज थांबत नव्हता.

तिसऱ्या वेळी मी गायलोच नाही. नुसती पेटी वाजवली. मागून धुरपताबाईनं ओळ उचलली, फाटक्या आवाजात, एका कानानं बहिरी असल्यामुळं चांगलीच मोठ्यानं. सत्यशीला म्हणे आता. आधी बायकांच्या बाजूनं दोन-चार आवाज आले. मग बायकांची सगळी बाजू. पुरुषांची बाजू गप्प होती, म्हटलं बरं आहे, निदान गप्प आहे. मग मी तोंड उघडलं.

गाणं संपल्यावर काठी टेकत एक म्हातारा उठला. आश्रुबा! सोनपेठहून नातवाच्या गाडीवर आला होता. म्हणाला, "रंगनाथा, चाळीस वर्सामागं बाजारात एक इचारलं व्हतं. आज जवाब आला." अन् खाली बसला. मी त्याला तिथंच हात जोडले. शाल बन्सीधरनं घाईघाईनं माझ्या खांद्यावर टाकली होती, ती काढून मी धुरपताबाईला दिली. ती म्हणाली, "ऊन किती हाय अन् शाल देतोस," अन् घडी करून पिशवीत टाकली.

गावात अर्धे लोक माझ्यावर नाराज आहेत. एक गुरुजी म्हणाले, "झाकली मूठ सव्वा लाखाची होती, तात्या, उघडली कशाला?" म्हटलं, गुरुजी, मुठीत दुसऱ्याचं होतं.

पुस्तकाच्या पाच प्रती पाठवतोय. एकेचाळिसावं पान बघ, 'धूर'चं, तिथं मी बालाजीला वहीचाच फोटो छापायला लावलाय, खोडाखोडीसकट. तिचं नाव, त्यावर माझी रेघ. रेघ राहू दे म्हटलं.

आता तुझ्याकडं एक मागणं आहे. तू दुसऱ्यांसाठी गाणी लिहितेस ना? मग मी दुसराच आहे. माझ्यासाठी एक लिही. माझा गळा आता दोन सप्तकं जात नाही, दीडातच बसव. मी आरसे लावणार नाही, केस नाहीतच, त्यामुळं उडवायचा प्रश्न नाही. अट एकच, आपल्या जुन्या रीतीप्रमाणं शेवटच्या कडव्यात नाव पाहिजे, अन् ते तुझं पाहिजे. चौदा एप्रिलला याच मांडवात मी ते गाईन. तू समोर बस. नाव गिळलं तर उठून पेटी बंद कर, कशी करायची ते आश्रुबाला विचार.

नागेशला चालायला सांग. रेणुकाला जिना टाळता येत नसेल तर कठड्याला धरून चढ म्हणावं. मांजराचं तू अजून कळवलं नाहीस. धुरपताबाई विचारते, पोरगी रागावलीय का अजून? मी म्हटलं, रागावली असली तरी लिहील, ती लिहिणारी आहे.

तेव्हा लवकर लिही. वय झालंय म्हणून म्हणत नाही. चाल बसवायला मला वेळ लागतो.

तुझा आजा
रंगनाथ, पेटीवाला